द्राक्ष : वेल, वाण आणि विनियोग



वसंतातल्या व्याख्यानात वक्त्याने काही गोड बोलावे अशी श्रोत्यांची अपेक्षा असते. तिचा मान राखून आम्ही एका गोड फळाचा विषय घेतला आहे. परंतु आरंभीच सांगून टाकतो की, हे फळ जितके गोड आहे तितकी त्याची वेल गोड नाही. ती हट्टी आहे, हिशेबी आहे, आणि आपण केलेली चूक सहा महिने मनात ठेवून मग तिचा जाब विचारणारी आहे.

आपली वडवणी ज्वारी-कापसाची, आणि सिंदफणेचे व कुंडलिकेचे पाणी जेथे पोचले तेथे उसाची. बालाघाटाच्या उतारावर सीताफळ आपोआप उगवते. त्याला कोणी पाणी घालीत नाही, कोणी छाटीत नाही, आणि तरीही बीडच्या सीताफळाचे नाव दूरवर झाले आहे. द्राक्ष हे सीताफळाचे अगदी उलटे टोक आहे. असे असता हा विषय येथे का, असे आपण विचाराल. त्याचे कारण असे की, आम्ही आयुष्यभर वनस्पतिशास्त्र शिकविले, आणि त्यामुळे भागातले तरुण शेतकरी आमच्याकडे येऊन एकच प्रश्न विचारतात : "गुरुजी, द्राक्ष लावावं का?" या प्रश्नाला हो किंवा नाही असे एका शब्दाचे उत्तर आमच्यापाशी नाही. परंतु ज्या प्रश्नाने ते उत्तर मिळेल, तो प्रश्न आहे. तो आम्ही शेवटी आपल्यापुढे ठेवणार आहोत.

प्रथम वेलीची ओळख करून घेऊ, आणि त्यासाठी नाशिकला जाण्याची जरूर नाही. आपल्या कुंपणावर चौकोनी, सांध्यासांध्यांची एक मांसल वेल चढलेली असते. तिला कोणी कांडवेल म्हणतात, कोणी हाडसांधी. हाड मोडले की आजीबाई तिचा लेप लावीत. ही कांडवेल द्राक्षाची सख्खी भाऊबंद होय. पावसाळ्यात झुडपांवर पसरणारी तीन पानांची आंबटवेलही त्याच कुळातली. तेव्हा द्राक्षाचे घराणे आपल्या गावी नवखे नाही. त्यातला धनवान भाऊ तेवढा अद्याप फारसा आलेला नाही.

या घराण्याची खूण पेरापाशी पाहावी. जेथून पान निघते त्याच्या बरोबर समोरून एक पिळदार धागा निघतो आणि मिळेल त्या आधाराला विळखा घालतो. शास्त्रग्रंथांत त्याला प्रतान म्हणतात. बागाईतदार त्याला बाळी म्हणतात, आणि कानातल्या बाळीसारखा तो वळलेला असतो म्हणून आम्हांला हाच शब्द अधिक आवडतो. आता एक गंमत पाहा. द्राक्षाचा घड कोठे लागतो? पानाच्या समोर, म्हणजे नेमका बाळीच्याच जागी. याचे कारण बाळी आणि घड या दोन वस्तू मुळात एकच आहेत. डोळ्याच्या आत एक सूक्ष्म कोंब तयार होतो. त्याला पोषण, ऊन आणि पाणी मनाजोगते मिळाले तर त्याला फाटे फुटतात आणि त्याचा घड होतो. ते मिळाले नाही तर त्याची नुसती बाळी होते. घड व्हायचा तो बाळी होऊन गेला म्हणजे आमचे बागाईतदार म्हणतात, "घड जिरला." आमच्या पाहण्यात परिभाषा-कोशांतूनही यापेक्षा नेमका शब्द आलेला नाही.

ही मूळची वेल थंडीच्या देशांतली. युरोपात आणि पश्चिम आशियात हिवाळा आला की तिची पाने गळतात, ती निजते, आणि वसंतात जागी होते. झोप आणि जाग हे तिचे वर्ष निसर्गाने आखून दिलेले. आपल्याकडे, विषुववृत्तापासून अवघ्या १९ अंशांवर, तिला झोप आणणारी थंडी कोठून मिळणार? येथे ती वर्षभर जागी राहते, वाढत राहते, आणि मोकळी सोडली तर रानटी होते. म्हणून निसर्गाचे काम येथे माणसाने कात्रीने करावयाचे असते. आपल्याकडे द्राक्षाची छाटणी वर्षातून दोनदा होते. एक एप्रिलच्या सुमारास, पीक निघाल्यावर. तिला खरड छाटणी म्हणतात. ओलांड्यावर एक-दोन डोळे ठेवून सारी काडी छाटून टाकावयाची. दुसरी ऑक्टोबरच्या सुमारास. ती गोडी छाटणी. छाटणी दोनदा, पीक मात्र एकदा.

ही कला आजची नाही. महंमद तुघलकाने १३२७ च्या सुमारास राजधानी दौलताबादेस हलविली. पुढे थोड्याच वर्षांत इब्न बतूता हा मोरोक्कोचा प्रवासी तेथे आला. त्याने आपल्या प्रवासवृत्तात दौलताबादेस द्राक्षे आणि डाळिंबे होतात व ती वर्षातून दोनदा येतात, असे नमूद केले आहे. म्हणजे वेलीला येथे झोप नाही हे त्या परदेशी माणसाच्याही ध्यानात आले होते. तामिळनाडूत थेनीकडे अजूनही पन्नीर द्राक्षाच्या बागा वर्षभर आळीपाळीने फळ देतात. आपण मात्र एका पिकावर समाधान मानतो, कारण पावसाळ्यात पिकलेले द्राक्ष फुटते आणि सडते. आपल्या पूर्वजांनी वेलीशी केलेली ही तडजोड आहे : पहिल्या सहामाहीत काडी तयार कर, दुसऱ्या सहामाहीत फळ दे.

या पहिल्या सहामाहीविषयी आम्हांला सर्वात अधिक बोलावयाचे आहे, कारण आजच्या तारखेला बागांतून खरड छाटणीची कात्री चालत आहे.

आमचे एक स्नेही आहेत. त्यांनी डोंगराच्या पायथ्याला दोन एकर द्राक्ष लावले. पहिले पीक बरे आले. दुसऱ्या वर्षी ऑक्टोबरात छाटणी केली, डोळ्यांना फुटवा आणणारे औषध लावले, पंधरा-वीस दिवसांत वेली हिरव्यागार फुटल्या, आणि गृहस्थ कपाळाला हात लावून बसले. पानासमोर घड नव्हते, बाळ्या होत्या. दोन एकरांत मोजून टोपलीभर घड. त्यांनी रोपवाटिकेला दोष दिला, औषधाला दिला, शेवटी नशिबाला दिला. आम्ही त्यांना एवढेच विचारले, "मे महिन्यात पाणी किती दिलंत?" ते म्हणाले, "गुरुजी, विहीर तळाला गेली होती. वेलीवर तर काहीच नव्हतं. रिकाम्या वेलीला पाणी कशाला घालू? आंब्याची झाडं लगडलेली होती, त्यांना दिलं."

मंडळी, त्यांच्या या बोलण्यात काही चूक आहे असे आपल्यापैकी कोणाला तरी वाटेल काय? दुष्काळी मुलखातला कोणताही शहाणा माणूस हेच करील. ज्याच्यावर फळ आहे त्याला पाणी, जे रिकामे आहे त्याने धीर धरावा, हा आपला पिढ्यान्‌पिढ्यांचा न्याय आहे. आंब्याच्या बाबतीत तो बरोबर ठरला. द्राक्षाच्या बाबतीत त्याच न्यायाने दोन एकरांचे पीक बुडाले.

कारण असे की, खरड छाटणीनंतर जी नवी काडी येते, तिच्या डोळ्यांत साधारण चाळिसाव्या ते साठाव्या दिवसाच्या आसपास बाळी व्हावयाची की घड, याचा निकाल लागतो. फेब्रुवारीत आपण जो घड तोडतो, त्याचा पाया मागल्या मे-जूनमध्ये, वेल वरून रिकामी दिसत असताना घातला गेलेला असतो. ऑक्टोबरची कात्री नवा घड निर्माण करीत नाही. डोळ्यात जे आधीच लिहिले गेले आहे ते ती उघडून दाखविते. त्या दिवसांत भरपूर ऊन पानांवर पडले, पाण्याचा ताण बसला नाही आणि नत्राची खैरात झाली नाही, तर डोळ्यात घड बसतो. ढगाळ हवा, पाण्याची ओढ आणि युरियाचा अतिरेक हे त्याचे तीन वैरी. म्हणूनच कसलेले बागाईतदार त्या काळात काडीचा शेंडा खुडतात, सबकेन करतात, पानांत ऊन खेळते ठेवतात, आणि पुढे काडी पक्व होऊ लागली म्हणजे पाणी कमी करतात.

माणूस उतावळा आहे. डोळ्यात घड बसावा म्हणून वाढ रोखणारी औषधेही निघाली. क्लोरमेक्वाट क्लोराइड हे त्यांपैकी एक. बागाईतदार त्याला लिहोसिन म्हणून ओळखतात. २०१० साली युरोपात गेलेल्या आपल्या द्राक्षांत त्याचा अंश सापडला, माल बंदरांत अडकला आणि निर्यातदारांबरोबर कित्येक शेतकरीही अडचणीत आले. जे काम ऊन, पाणी आणि कात्री यांनी करावयाचे, ते बाटलीने उरकू पाहिले म्हणजे बाटलीचा हिशेब दुसरा कोणीतरी ठेवीत असतो.

आता वाणांकडे वळू. जुन्या काळी आपल्याकडे भोकरी, फकडी, हबशी, साहेबी हे बियांचे वाण होते. फकडी आणि हबशी ही नावे दौलताबाद-औरंगाबादेकडची. पुण्याच्या गणेशखिंडीत डॉ. चिमा यांनी पंढरी साहेबीच्या रोपांतून निवड करून चिमा साहेबी हा वाण दिला. आपला बीड जिल्हा १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता. त्या हैदराबादेत अनाबेशाही या भरघोस, पांढऱ्या द्राक्षाचे राज्य होते. मग बिनबियांचे द्राक्ष आले आणि बाजार पालटला. त्याचे नाव थॉम्पसन सीडलेस. नाव कॅलिफोर्नियातल्या विल्यम थॉम्पसन या माळ्याचे; वाण मात्र मूळचा इराण-तुर्कस्थानाकडचा, तेथली सुलताना किंवा किशमिश.

परंतु पुढची गोष्ट आपल्या शेतकऱ्यांच्या अभिमानाची आहे. द्राक्षाची लागवड काडीपासून होते; म्हणून सारी बाग एकाच वेलीची शाखा असते आणि सर्व वेली सारख्या असावयास हव्यात. परंतु क्वचित एखाद्या डोळ्यात आपोआप फरक पडतो आणि त्यातून निघालेली काडी वेगळे फळ देते. तासगाव तालुक्यातल्या बोरगावच्या वसंतराव आर्वे यांना थॉम्पसनच्या बागेत असा फरक दिसला, त्यातून तास-ए-गणेश झाला. सोलापूरजवळच्या नान्नज येथील नानासाहेब काळे यांनी लांब मण्यांचा सोनाका निवडला, आणि किशमिश चोर्नी या काळ्या वाणातून शरद सीडलेस काढला. माणिक चमनही सोलापूरचाच. हजारो घडांतला एक वेगळा घड ओळखून त्याची काडी जपणे, ही त्यांची विद्या. डोळ्यातला फरक डोळसाला दिसला, इतकेच म्हणू. १९९७ साली पुण्याजवळ मांजरी येथे राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र निघाले आणि या कामाला शास्त्राची जोड मिळाली. पुण्याच्याच आघारकर संशोधन संस्थेने रसासाठी एआरआय-५१६ हा संकरित वाण दिला.

बिनबियांच्या द्राक्षाला एक अडचण असते. तेथे फलन होते, परंतु बी बाल्यावस्थेतच खुंटते. फळ फुगविणारी द्रव्ये बीच पुरवीत असते. ते नसले की मणी बारीक राहतो. ही उणीव भरून काढणारे औषध भाताच्या एका रोगातून मिळाले. जपानात भाताची काही रोपे वेड्यासारखी उंच वाढून कोलमडत. १९२६ साली कुरोसावा या शास्त्रज्ञाने दाखविले की, हे एका बुरशीच्या स्रावाचे काम आहे. त्याच द्रव्याला पुढे जिब्रेलिक ॲसिड हे नाव मिळाले. आज आपल्याकडच्या बायाबापड्या त्याच्या पाण्यात एकेक घड बुडवितात, तेव्हा बाजारात दिसतो तो टपोरा मणी तयार होतो.

वेलीच्या मुळांचीही कथा अशीच दूरची आहे. आपल्या खारट, कोरड्या जमिनीत द्राक्षाचे स्वतःचे मूळ लवकर हार खाते. म्हणून टेक्ससच्या रानातून आलेल्या डॉगरिज या खुंटावर आपली काडी बांधतात. गेल्याच्या गेल्या शतकात मुळांवरच्या किडीने फ्रान्सच्या बागा ओसाड झाल्या तेव्हाही अमेरिकेच्या रानटी मुळांनीच त्या वाचविल्या होत्या. केवड्यावर आपण मारतो ते बोर्डो मिश्रण तर चोरांच्या भीतीतून निघाले. बोर्डो शहराच्या आसपासचे शेतकरी वाटेकडेच्या वेलींवर मोरचूद आणि चुना शिंपडीत, म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्यांनी हात लावू नये. मिलार्दे या प्राध्यापकाच्या ध्यानात आले की, त्याच वेलींना केवडा होत नाही. १८८५ पासून ते मिश्रण जगभर चालू आहे.

फळाचे उपयोग आपणांस ठाऊकच आहेत, म्हणून थोडक्यात सांगतो. चरकाने फळांत मृद्वीका, म्हणजे द्राक्ष, श्रेष्ठ मानली. द्राक्षासव आजही वैद्यांच्या कपाटात असते. नारायणगाव आणि नाशिककडे द्राक्षाची वारुणी होते. तिच्याविषयी व्याख्यानमालेच्या व्यासपीठावरून अधिक बोलण्याचे धाडस आम्ही करीत नाही. परंतु दुष्काळी मुलखाच्या दृष्टीने महत्त्वाचा पदार्थ बेदाणा. हा शब्द फारशी आहे : बे-दाना, म्हणजे बिनबियांचा. तासगाव-सांगलीकडे पिकलेले घड पोटॅशियम कार्बोनेट आणि तेल यांच्या द्रावणात बुडवून, सावलीत जाळ्यांवर पसरतात. दोन आठवड्यांत, सुमारे चार किलो द्राक्षांचा एक किलो बेदाणा होतो. त्याला कोरडी हवा लागते आणि ती परमेश्वराने आपल्याला उदंड दिली आहे. शिवाय ताजे द्राक्ष व्यापाऱ्याच्या गाडीची वाट पाहत बसू शकत नाही. बेदाणा शीतगृहात बसून भावाची वाट पाहू शकतो. माल भरून नेलेला व्यापारी पैसे न देता पसार झाला, अशा कथा द्राक्षाच्या मुलखात घरोघर ऐकू येतात.

आणि इतके सारे साधले तरी आभाळाचे काय? २०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये मराठवाड्यात जी गारपीट झाली ती आपण कोणी विसरलेलो नाही. २०१९ च्या अवकाळी पावसाने नाशिकच्या बागा फुलोऱ्यातच झोडपल्या. केवडा, भुरी, करपा यांचे फवारे, मजुरी, मांडवाच्या तारा आणि लोखंड, हा सर्व खर्च फळ हाती येण्याच्या आधीचा आहे. कर्ज काढून लावलेल्या मोठ्या बागेला एक वाईट वर्ष पुरे होते.

मग लावावे की नाही? आपल्यासारख्याच एका गावाचे उदाहरण देतो. जालना जिल्ह्यातले कडवंची. पाऊस आपल्यासारखाच तुटपुंजा, जमीन डोंगरउताराची. १९९६ च्या सुमारास विजयअण्णा बोराडे आणि खरपुडीचे कृषि विज्ञान केंद्र यांनी तेथे पाणलोटाचे काम हाती घेतले. माथ्यापासून पायथ्यापर्यंत बांध, चर, नाल्यांचे उपचार झाले. पुढे शेतकऱ्यांनी शेततळी केली, आणि मग द्राक्ष आले. २०१२-१३ च्या कठीण दुष्काळातही तेथल्या बागा उभ्या राहिल्या. तेथला क्रम आपण ध्यानात घ्यावा : आधी माथा, मग तळे, मग वेल. आपल्याकडे बरेच वेळा आधी वेल, मग विंधनविहीर, मग दुसरी विंधनविहीर, आणि मग सावकार, असा क्रम लागतो. शेततळ्याविषयीही एक गोष्ट बजावून सांगतो. ते पावसाच्या धावत्या पाण्याने भरावे. विहिरीचे पाणी उपसून तळ्यात साठविले तर ते आपले पाणी नव्हे. ते शेजाऱ्याच्या विहिरीतले पाणी आपण आपल्या प्लॅस्टिकवर आणून ठेवले, इतकेच.

आमच्या मनात आणखी एक विचार येतो. दसरा-दिवाळी झाली की या तालुक्यातली बिऱ्हाडे कोयते घेऊन उसाच्या फडावर निघतात आणि गावे ओस पडतात. नेमक्या त्याच दिवसांत द्राक्षाला माणसे लागतात : छाटणीला, फुटव्यांच्या विरळणीला, घड बुडवावयाला, तोडणीला. उसाच्या मानाने द्राक्षाला पाणी कमी लागते, आणि हात अधिक लागतात. येथे दहा-वीस बागा नीट उभ्या राहिल्या तर काही बिऱ्हाडे तरी घरी राहतील, काही मुलांची शाळा सुटणार नाही. हे आपोआप होईल असे आम्ही म्हणत नाही. नाशिकच्या बागांतही पेठ-सुरगाण्याचे आदिवासी मजूर घर सोडूनच येतात. परंतु आपल्या गावच्या बागेत आपल्या गावच्या माणसांना रास्त मजुरी द्यावयाची की नाही, हे तर आपल्या हातचे आहे.

आता आरंभी कबूल केलेला प्रश्न. "द्राक्ष लावावं का?" असे विचारणाऱ्याला आम्ही उलट विचारतो : "तुझ्या विहिरीत वैशाखाच्या शेवटी पाणी किती असते?" दिवाळीचे पाणी सांगू नकोस. दिवाळीला सगळ्यांच्याच विहिरी श्रीमंत असतात. उद्यापासून दर आठवड्याला दोरीला दगड बांधून विहिरीची पातळी मोज आणि मृग लागेपर्यंत वहीत लिही. ठिबकने, उसाचे पाचट मुळाशी पसरून, वेलीला ते दोन महिने पुरेल इतके पाणी उरत असेल तर अर्धा एकर लाव. दोन एकर नको. उरत नसेल तर यंदा बांध घाल, तळे कर, आणि पुढल्या वर्षी पुन्हा मोज.

आमच्या त्या स्नेह्यांनी बाग मोडली नाही. दुसऱ्या वर्षी त्यांनी एक एकर काढून टाकला, उरलेल्या एका एकराला साऱ्या विहिरीचे उन्हाळी पाणी दिले, आणि आंब्यांना म्हणाले, "यंदा तुम्ही धीर धरा." ऑक्टोबरात त्यांनी आम्हांला मुद्दाम बोलावून नेले. प्रत्येक फुटव्यावर पानासमोर हिरव्या ज्वारीच्या दाण्याएवढ्या कळ्यांचे घड लोंबत होते. ते काही बोलले नाहीत. फक्त एक बाळी शोधून, खुडून आमच्या हातात ठेवली.

 श्रोत्यांपैकी कोणाची विहीर मोजावयाची असेल तर आम्ही सकाळच्या गाडीपर्यंत येथेच आहो.